विश्लेषण : कोकणाला ‘अनंत माने’ का मिळाला नाही?

दक्षिण कोरियाचे दिग्दर्शक इम क्वोन-तेक यांच्या नावावर १०२ चित्रपट आहेत. त्यांच्याच पिढीतल्या किम सू-योंग यांच्या नावावर १०९. एकट्या १९६७ या वर्षात किम यांनी दहा चित्रपट पूर्ण केले. असा आकडा ऐकला की आपली पहिली प्रतिक्रिया ठरलेली असते : मग ते चित्रपट काय लायकीचे असणार? ‘रतीब घालणे’ हा शब्दप्रयोग मराठीत कौतुकाने कोणी करत नाही. खरे तर रतीबाचे दूध रोज वेळेवर येते म्हणूनच घरातला चहा होतो, पण तो मुद्दा बाजूला ठेवू.

या कोरियन मंडळींची गोष्ट रत्नागिरीत बसून का वाचायची, असा प्रश्न पडेल. उत्तर असे, की आपल्याकडेही असा एक रतीब घालणारा दिग्दर्शक होऊन गेला. त्याचे नाव अनंत माने. त्याने साठच्या आसपास चित्रपट काढले आणि तमाशा ही देशावरची कला घराघरांत नेली. कोकणातल्या नमनाला, खेळ्यांना, जाखडीला असा माणूस मिळाला नाही. का मिळाला नाही आणि आता मिळेल का, हा या लेखाचा विषय आहे.

शंभर चित्रपट होतात कसे?

इम क्वोन-तेक यांना लहानपणापासून सिनेमाचे वेड होते वगैरे काही नाही. कोरियन युद्धाच्या काळात घर सोडून ते बुसान बंदरात आले, हमाली केली, अमेरिकी सैनिकांच्या जुन्या बुटांपासून नवे जोडे करून विकणाऱ्यांकडे राबले. पुढे हेच व्यापारी सोलमध्ये जाऊन चित्रपटाच्या धंद्यात शिरले आणि हा पोरगाही त्यांच्यामागे गेला. पडेल ते काम करत तो दिग्दर्शकाचा सहायक झाला आणि १९६२ मध्ये स्वतः दिग्दर्शक. त्यानंतरच्या दहा-बारा वर्षांत त्यांनी पन्नासेक चित्रपट काढले. मारामारीचे, युद्धाचे, ऐतिहासिक, रडके, जे मिळेल ते.

एवढी घाई कशाला? कारण सरकारी नियम तसा होता. परदेशी चित्रपट आणण्यात खरा पैसा होता आणि तो परवाना हवा असेल तर निर्मिती संस्थेने वर्षाला ठराविक संख्येने देशी चित्रपट काढून दाखवणे भाग होते. चित्रपट चांगला की वाईट याच्याशी परवान्याचे देणेघेणे नव्हते, मोजदाद डब्यांची होती. मग कमी खर्चात, कमी दिवसांत काम उरकणाऱ्या दिग्दर्शकांना मागणी आली. इम त्यातले एक होते. त्या काळातल्या आपल्या कामाबद्दल त्यांनी पुढे कधी फारसा अभिमान दाखवला नाही.

पण त्या पन्नास चित्रपटांत त्यांचा हात बसला. कॅमेरा कुठे ठेवायचा, गर्दी कशी हलवायची, उजेड जायच्या आत काय उरकायचे, हे ज्याला झोपेतही कळते असा माणूस तयार झाला. सत्तरीच्या दशकात त्यांनी वेग कमी केला. १९८१ मध्ये दोन बौद्ध भिक्षूंवरचा ‘मंडल’ आला आणि जगाने दखल घेतली. १९९३ मध्ये ‘सोप्योन्जे’ आला. पान्सोरी ही कोरियाची जुनी गायनकथेची परंपरा आहे. एक गाणारा, एक ढोलकीवाला आणि तासन्‌तास चालणारी कथा, एवढाच तिचा पसारा. ही कला मरणपंथाला लागली असताना गावोगाव भटकणारा एक गायक, त्याची मानलेली मुलगी आणि ढोल वाजवणारा मुलगा यांची ही गोष्ट. मुलीच्या गळ्यात दुःख उतरावे म्हणून बाप तिला आंधळी करतो. इतकी कठोर गोष्ट, तीही जुनाट समजल्या जाणाऱ्या गाण्यावरची, आणि तरीही एकट्या सोल शहरात दहा लाखांहून जास्त लोकांनी हा चित्रपट पाहिला. कोरियन चित्रपटाला तिथे एवढी गर्दी पहिल्यांदाच झाली होती. नायिकेच्या भूमिकेत पान्सोरी शिकलेली गायिका होती. बापाची भूमिका करणारे आणि पटकथा लिहिणारे किम म्युंग-गोन हेही पान्सोरी शिकलेले. ते पुढे देशाचे सांस्कृतिक मंत्री झाले! पान्सोरीला २००३ मध्ये युनेस्कोची मान्यता मिळाली. त्याआधीच्या वर्षी, २००२ मध्ये, इम यांना ‘चिह्वासॉन’साठी कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळाला. तो त्यांचा अठ्ठ्याण्णवावा चित्रपट होता.

अठ्ठ्याण्णवावा. सत्त्याण्णव चित्रपट काढून झाल्यावर.

आणि अनंत माने?

अनंत माने कोल्हापूरचे, जन्म १९१५ चा. प्रभात फिल्म कंपनीच्या संकलन विभागात ते तयार झाले. संकलनाच्या टेबलावर वाढलेल्या माणसाला एक गोष्ट पक्की कळते : प्रेक्षक कधी कंटाळतो. मान्यांच्या चित्रपटांत पुष्कळ दोष दाखवता येतील, पण ते रेंगाळतात अशी तक्रार क्वचितच ऐकू येईल.

त्यांचा सर्वांत भरात असलेला काळ पाहा. १९५८ मध्ये ‘धाकटी जाऊ’, १९५९ मध्ये ‘सांगत्ये ऐका’, १९६० मध्ये ‘अवघाची संसार’, १९६१ मध्ये ‘मानिनी’. हे फक्त गाजलेले, याच काळातले इतर चित्रपट वेगळेच. यातल्या ‘धाकटी जाऊ’ आणि ‘मानिनी’ला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचे राष्ट्रपती रौप्यपदक मिळाले. ‘मानिनी’त बहिणाबाई चौधरींच्या कविता गाणी होऊन घरोघर पोचल्या. पुढे १९६४ मध्ये ‘सवाल माझा ऐका’, १९६५ मध्ये ‘केला इशारा जाता जाता’, १९६८ मध्ये शंकर पाटलांच्या लेखणीतला ‘एक गाव बारा भानगडी’. या शेवटच्या चित्रपटाचे नाव आजही गावच्या राजकारणावर बोलताना तोंडात येते. १९७८ मध्ये, वयाच्या साठीनंतर, रंजनाला घेऊन ‘सुशीला’. वीस वर्षे एकच माणूस गर्दी खेचत होता.

‘सांगत्ये ऐका’ पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात १३१ आठवडे चालला. पटकथा व्यंकटेश माडगूळकरांची, गाणी गदिमांची, संगीत वसंत पवारांचे. माजलेल्या पाटलाने एका शेतकऱ्याचा खून केला, त्याच्या बायकोची अब्रू घेतली. तिची मुलगी तमाशात वाढते आणि शेवटी त्याच गावात, भरल्या फडात, सगळ्यांसमोर ती गोष्ट सांगते. चित्रपटाचे नाव म्हणजे तिचे वाक्य आहे. तमाशाचा फड हेच न्यायालय करून टाकणारी ही कल्पना लोकांना एवढी का भिडली हे वेगळे सांगायला नको. बुगडीचे ते गाणे लोकांनी लक्षात ठेवले, पण चित्रपट उभा आहे तो त्या शेवटच्या फडावर.

आता इथे आपला संबंध येतो. या चित्रपटातल्या दोन मोठ्या अभिनेत्री कोण? हंसा वाडकर आणि जयश्री गडकर. हंसाबाईंचे घराणे सावंतवाडीचे. चित्रपट आला तेव्हा सावंतवाडी रत्नागिरी जिल्ह्यातच होती, सिंधुदुर्ग वेगळा झाला १९८१ मध्ये. जयश्रीबाई कारवारजवळच्या सदाशिवगड भागातल्या. म्हणजे देशावरच्या तमाशाचा जो चेहरा महाराष्ट्राच्या मनात कायमचा बसला तो किनाऱ्यावरच्या बायकांचा होता. माणसे कोकणाने दिली, मात्र गोष्टी कोकणातल्या आल्या नाहीत.

मग कोकणातला खेळ पडद्यावर का आला नाही?

कलेची कमतरता होती म्हणून नाही. संगमेश्वर, लांजा, राजापूर, गुहागर या पट्ट्यातले नमन पाहिलेल्या कोणालाही माहीत आहे की त्यात गण आहे, गौळण आहे, वग आहे, संकासुर आहे. तमाशाचा आराखडा आणि नमनाचा आराखडा समोरासमोर ठेवले तर नात्यातले वाटतात. जाखडीत शक्तीवाले आणि तुरेवाले एकमेकांना कोड्यात पकडतात ते सवाल-जवाब म्हणजे ‘सवाल माझा ऐका’चाच मालमसाला आहे. एक मोठा फरक मात्र आहे. नमनात परंपरेने बाईचे सोंग पुरुष घेत आले. पडद्याला नाचणारी नायिका हवी होती आणि ती तमाशात आयती होती. हे कारण लहान नाही.

दुसरे कारण बाजाराचे. मराठी चित्रपट कोल्हापूर-पुण्यात तयार होत होता आणि त्याचा मोठा गिऱ्हाईक होता देशावरच्या जत्रांमधला तंबू. ऊस गेला, हातात पैसा आला, जत्रा भरली, तंबू लागला. कोकणात चार महिने पाऊस, उरलेल्या आठ महिन्यांत घाट आणि खाड्या. कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावली तीही १९९८ मध्ये. इथला कमावता माणूस गिरणगावात होता, गावी यायचा गणपतीला आणि शिमग्याला. त्याच्यासाठी नमन-जाखडीचे प्रयोग लालबाग-परळमध्ये व्हायचे, दामोदर हॉल त्यासाठीच ओळखला जायचा. त्याला आपला खेळ जिवंत पाहायला मिळत होता, म्हणून पडद्यावर तो पाहावा अशी मागणीच उभी राहिली नाही.

कोकण पडद्यावर आले नाही असे नाही. ‘श्वास’ (२००४), ‘नारबाची वाडी’ (२०१३), गुहागर परिसरात चित्रित झालेला ‘किल्ला’, आणि २०२५ मध्ये लोकांनी उचलून धरलेला ‘दशावतार’. चित्रपट चांगले आहेत. पण प्रत्येकाचा दिग्दर्शक वेगळा, प्रत्येकजण एकदा आला, निसर्ग पाहिला, एक गोष्ट सांगितली आणि दुसऱ्या विषयाकडे गेला. त्यात गैर काही नाही. तरी एका प्रदेशाची भाषा, विनोद, भांडणे, देवस्की, मुंबईला गेलेला आणि न गेलेला यांच्यातले ताण हे सगळे एका चित्रपटात मावत नाही. त्याला वीस लागतात. आणि वीस चित्रपट काढायचे तर त्यातले बारा सामान्य होणार, हे मान्य करावे लागते. आपण इथेच अडतो. आपल्याला पहिलाच चित्रपट ‘श्वास’ हवा असतो.

रतीबाचे तोटे नाहीत का?

आहेत, आणि मान्यांच्या बाबतीत ते ठळक आहेत. ‘सांगत्ये ऐका’नंतर तमाशापटांची जी रांग लागली तिने मराठी चित्रपटाला पुष्कळ वर्षे पाटील, फड आणि फेटा यांत अडकवले. शहरी प्रेक्षक दुरावला. खुद्द तमाशाचेही नुकसान झाले. वग, बतावणी, सोंगाड्याची हजरजबाबी टीका हे सगळे मागे पडले आणि तमाशा म्हणजे लावणी, लावणी म्हणजे नऊवारीतली नायिका एवढेच समीकरण लोकांच्या डोक्यात राहिले. फडावर खरोखर नाचणाऱ्या बाईची प्रतिष्ठा त्या नायिकेच्या लोकप्रियतेबरोबर वाढली असे म्हणता येत नाही. इम यांनी पान्सोरी गाणारीलाच नायिका केले, आपल्याकडे ते क्वचित घडले.

सरकारी पैसा आणि संख्येचा खेळ यातही दोन्हीकडे साम्य सापडते. सत्तरच्या दशकात महाराष्ट्र सरकारने मराठी चित्रपटांचा करमणूक कर परत द्यायला सुरुवात केली, पण पुढचा चित्रपट काढाल तर. हेतू चांगला होता. अडचणीतला धंदा त्याने तगला हेही खरे. पण परताव्यासाठी काढलेला चित्रपट आणि परवान्यासाठी काढलेला चित्रपट यांचा चेहरामोहरा सारखाच निघतो. सोलमध्ये जे साठच्या दशकात झाले तेच थोड्या फरकाने कोल्हापूर-मुंबईत दहा-पंधरा वर्षांनी झाले.

तरीही मला विचाराल तर मी रतीबाच्याच बाजूचा. कारण पर्याय काय असतो ते कोकणाच्या उदाहरणात दिसते. चुकीचे, घाईचे, पुन्हा पुन्हा तेच ते दाखवणारे चित्रपट नकोत म्हणून आपण काहीच नसलेले पत्करले. तमाशाचे विकृतीकरण झाले अशी चर्चा तरी करता येते. नमनाबाबत तीही सोय नाही.

आज फोनवर काय चालले आहे?

आज कोकणातली मंडळी रोज काही ना काही चित्रित करतात. मालवणी आणि संगमेश्वरी बोलीतल्या विनोदी मालिका, शिमग्याचे व्हिडिओ, नमनाचे थेट प्रक्षेपण, आंब्याच्या बागेतली भांडणे, चाकरमान्यांच्या नकला. यातले बरेच सुमार आहे, हे बनवणारेही कबूल करतील. तेच चार विनोद, तीच सासू, तोच दारूडा. पण इम यांचे पहिले पन्नास चित्रपट आठवा. दर आठवड्याला एक भाग काढणारा लांज्याचा किंवा चिपळूणचा मुलगा तीन वर्षांत दीडशे वेळा गोष्ट सांगून चुकतो आणि शिकतो. चित्रपट शिकवणाऱ्या कोणत्याही संस्थेत एवढा सराव मिळत नाही.

हे केवळ गोड बोलणे नाही, याला आजच्या कोरियातले उदाहरण आहे. होंग सांग-सू १९९६ पासून चित्रपट काढताहेत आणि आकडा केव्हाच तिशीपार गेला. वर्षाला एक, कधी दोन, कधी तीन. हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी माणसे, ओळखीची घरे, दारू पीत बोलणारी पात्रे. अलीकडच्या चित्रपटांत कॅमेरा, संकलन, संगीत असे सगळे ते स्वतःच सांभाळतात. बर्लिन महोत्सवात २०२० ते २०२४ या काळात त्यांना चार वेळा रौप्य अस्वल मिळाले. पैसा कमी म्हणून चित्रपट लहान, लहान म्हणून लवकर होतो, लवकर होतो म्हणून पुढचा काढता येतो. ज्याच्याकडे फोन, दोन मित्र आणि मावशीचे घर आहे त्याला हे गणित समजावून सांगावे लागणार नाही.

फरक एकच. होंग स्वतःच्या चित्रपटांकडे गांभीर्याने पाहतात आणि कोरियाही पाहते. आपल्याकडे या मुलांना ‘रीलवाले’ म्हणून सोडून दिले जाते. जिल्ह्यात नाट्यस्पर्धा होतात, एकांकिका स्पर्धा होतात, त्यांचे परीक्षण होते, बरेवाईट लिहून येते. बोलीतल्या या लघुपटांचे परीक्षण कोण करतो? कोणीच नाही. त्यांना मिळतात ते आकडे, आणि आकडे म्हणतात तेच पुन्हा करा. मान्यांना निदान माडगूळकर आणि शंकर पाटील मिळाले होते. आजच्या दिग्दर्शकाला लेखक मिळत नाही, आणि आपले लेखक अजून दिवाळी अंकाकडेच बघत बसले आहेत.

जतनाचे काय?

इथे कोरिया आपल्या फार पुढे आहे. त्यांचे चित्रपट संग्रहालय १९७४ चे, आपले पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय त्याहून दहा वर्षे जुने, १९६४ चे. सुरुवात आपली आधीची. पण कोरियन संग्रहालयाने जुने चित्रपट स्वच्छ करून, इंग्रजी उपशीर्षके देऊन यूट्यूबवर मोफत ठेवले. किम सू-योंग यांनी १९६५ मध्ये मच्छीमारांच्या गावावर चित्रपट काढला होता. नवरा समुद्रात गेला तो परतलाच नाही अशी तरुण बाई, आणि तिच्याभोवती अशाच विधवांचे गाव. मिरकरवाड्यात हा चित्रपट दाखवला तर भाषेवाचून काही अडणार नाही.

उलट आपल्याकडे पाहा. फोनवर शोधले तर मान्यांच्या चित्रपटांतली गाणी एका क्षणात येतात. अख्खा चित्रपट धड प्रतीत, मूळ लांबीत, आवाज न फाटता मिळेलच असे नाही. हक्क निर्मात्याच्या वारसांकडे, गाण्यांचे हक्क ध्वनिमुद्रिका कंपनीकडे, प्रत भलतीकडे. पुण्यात २००३ साली लागलेल्या आगीत जुन्या नायट्रेट फिती जळाल्या, त्यात प्रभातचा ठेवाही होता. ज्या कंपनीत माने घडले तिचीच ही गत. संग्रहालय २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले आहे आणि जुन्या चित्रपटांच्या पुनरुज्जीवनासाठी केंद्राची योजनाही आहे. त्या यादीत साठ चित्रपट काढणाऱ्या या दिग्दर्शकाचे किमान दहा तरी असावेत आणि ते लोकांना फुकट पाहता यावेत, ही मागणी राज्य सरकारने लावून धरायला हवी. अनुदानाच्या ‘अ’ आणि ‘ब’ दर्जावर जेवढा वेळ जातो त्यातला थोडा इकडे वळवला तरी चालेल.

आणि जिल्ह्यापुरते बोलायचे तर आज जे चित्रित होते आहे त्याची अवस्था नायट्रेटच्या फितीपेक्षा बरी नाही. खाते बंद झाले, पासवर्ड विसरला, फोन पाण्यात पडला की संपले. एखाद्या नमन मंडळाचा रात्रभराचा प्रयोग यूट्यूबवर असतो, खाली नाव असते चित्रीकरण करणाऱ्याचे. वग कोणी लिहिला, मृदंगावर कोण होते, संकासुर कोणी केला, गाव कोणते, वाडी कोणती, साल कोणते, यातले काही नसते. जिल्ह्यातल्या एखाद्या महाविद्यालयाने किंवा नगर वाचनालयाने एक संगणक, दोन हार्ड डिस्क आणि ही माहिती लिहून घेणारा एक माणूस एवढी व्यवस्था केली तर येत्या शिमग्यापासून सुरुवात होऊ शकते. मंडळांनी फक्त मूळ फाइल आणून द्यायची, व्हॉट्सॲपवरून आलेली नव्हे.